पानशेतच्या पुरात गुजराती पाटी कुठून आली? : मराठी माहितीपट करणाऱ्यांना खुले पत्र

प्रति,
मराठीत माहितीपट, चरित्रपट आणि इतिहासावरच्या मालिका करणारे निर्माते, दिग्दर्शक, संकलक, तसेच वाहिन्यांचे आणि ओटीटी मंचांचे कार्यक्रमप्रमुख यांस

स. न. वि. वि.

गेल्या जुलैत एका संध्याकाळी मी आणि माझी आई घरी बसून पुण्याच्या इतिहासावरचा एक नवा माहितीपट पाहत होतो. आई आता ७७ वर्षांची आहे. १२ जुलै १९६१ रोजी पानशेतचे धरण फुटले तेव्हा ती तेरा वर्षांची होती आणि नारायण पेठेत नदीच्या अंगाला असलेल्या एका वाड्यात दोन खोल्यांच्या बिऱ्हाडात राहत होती. निवेदकाने पानशेतचे नाव घेतले, कमरेएवढ्या पाण्यातून डोक्यावर बोचकी घेऊन जाणारी माणसे दिसू लागली, आणि आई शांतपणे म्हणाली, “ही आमची पेठ नव्हे.” चौसष्ट वर्षांनी कुणाला काय ओळखू येणार, असे मला आधी वाटले, तरीही धंद्याच्या सवयीने मी चित्र मागे नेले आणि थांबवले. अर्धवट बुडालेल्या एका दुकानावर पाटी होती. पाटीवरच्या अक्षरांना शिरोरेघ नव्हती. अक्षरे गुजराती होती.

आणखी एकदा मागे नेल्यावर दुसरी गोष्ट दिसली. चित्र कृष्णधवल होते, पण एका कटापाशी दोन फ्रेमचा रंग काढायचा राहून गेला होता. दोन फ्रेम म्हणजे सेकंदाचा बारावा हिस्सा. तेवढ्यापुरती एका बाईची साडी लालभडक दिसली आणि पुन्हा करडी झाली. म्हणजे कुठल्यातरी दुसऱ्या गावाच्या, दुसऱ्या वर्षीच्या पुराचे रंगीत चित्रण आणून, त्यातला रंग उपसून, वर ओरखडे आणि धूळ चढवून, ते १९६१ चे पुणे म्हणून आम्हाला दाखवले गेले होते.

मी त्या निर्मात्यांना आधी खासगी पत्र लिहिले होते. उत्तर फोनवर आले, आणि तेही सौजन्यानेच आले: “पूर तो पूर, मॅडम. लोकांपर्यंत भावना पोचली ना?” त्या उत्तरामुळे हे पत्र खुले झाले आहे. माहितीपटाचे किंवा संस्थेचे नाव मी मुद्दाम घेत नाही, कारण अशी उत्तरे मी गेल्या काही वर्षांत इतक्या जणांकडून ऐकली आहेत की एकालाच पुढे उभे करणे अन्यायाचे होईल.

माझा या प्रकरणाशी संबंध काय, ते सांगते. सत्तावीस वर्षे मी या व्यवसायात आहे. सुरुवात स्टीनबेकवर, म्हणजे फिल्म कापण्या-जोडण्याच्या टेबलावर, संकलकाची मदतनीस म्हणून झाली. रिळे लावायची, लीडर (रिळाच्या टोकाची कोरी फिल्म) जोडायचा, तुकड्यांवर चायनाग्राफ पेन्सिलीने खुणा करायच्या आणि रात्री सगळे डबे मोजून कपाटात ठेवायचे. पुढे फुटेज शोधणे, त्याची ओळख पटवणे आणि हक्कांचे कागद करणे हेच पोटाचे साधन झाले. तेव्हा हे पत्र तुमच्यातल्याच एकीचे आहे, बाहेरून बोट दाखवणाऱ्या कुणाचे नाही. यातल्या एकदोन चुका मीही केलेल्या आहेत.

आता पानशेतबद्दल. पाच वर्षांपूर्वी सदाशिव पेठेतल्या एका घराचा माळा रिकामा होत असताना बिस्किटांचा पत्र्याचा चौकोनी डबा सापडला आणि त्या घरच्यांनी तो फेकण्याआधी मला बोलावले. आत ८ मिलिमीटरची दोन रिळे होती. एका खोक्यावर पेन्सिलीने ‘पूर’ एवढेच लिहिले होते. दुसऱ्यावर काहीच नव्हते. झाकण उघडताच व्हिनेगरचा झणका आला. हा वास ज्याने एकदा घेतला तो विसरत नाही: ॲसिटेटची फिल्म उष्ण, दमट हवेत कुजू लागली की तिच्यातून आम्ल सुटते, ते आम्ल उरलेली फिल्म आणखी कुजवते, आणि कोंडलेल्या कपाटात एका डब्याची लागण शेजारच्या डब्यालाही होते. बिनलेबलाचे रीळ आक्रसून, वेटोळ्यावर वेटोळे चिकटून एकसंध चकती झाले होते. जिलबीचे कडे मोडावे तसा त्याचा तुकडा माझ्या हातात आला, आणि त्यात काय होते हे आता कुणालाही कधीच कळणार नाही. ‘पूर’ लिहिलेले रीळ मात्र वाचले. ते जेमतेम चार मिनिटांचे आहे.

त्या चार मिनिटांत वाहते पाणी नाही. हौशी माणसाने दुसऱ्यातिसऱ्या दिवशी कॅमेरा बाहेर काढला असावा. दारात आणून ठेवलेले, चिखलाने लिंपलेले शिवणयंत्र आहे. गच्चीवर ओळीने उघडी करून वाळत घातलेली पुस्तके आहेत आणि वारा आला की त्यांची पाने एकदम उलटतात. ओले धान्य सतरंजीवर पसरणाऱ्या दोन बाया आहेत. त्यांतली एक कॅमेऱ्याकडे पाहून पदर सावरते आणि हात हलवून ‘जा’ म्हणते. आणि एका भिंतीवर, पहिल्या मजल्याच्या खिडकीच्या जरा खाली, पाणी जिथवर चढले होते तिथली आडवी रेघ आहे. ही रेघ दाखवण्यासाठी त्या माणसाने कॅमेरा सावकाश खालून वर नेला आहे. खाली, चौकटीच्या अगदी तळाशी, एक लहान मुलगा उभा आहे, म्हणजे पाणी किती होते ते कळावे.

मी ते रीळ स्कॅन करून घेतले, घरच्यांची लेखी परवानगी घेतली, आणि एका वाहिनीला पानशेतवरच्या कार्यक्रमासाठी देऊ केले. मागितले होते ते फक्त स्कॅनचे पैसे. “क्वालिटी नाही, यापेक्षा चांगले ऑनलाइन मिळते आहे,” असे सांगण्यात आले. ऑनलाइन जे ‘चांगले’ मिळते, ते कोणत्या प्रकारचे असते हे वर आले आहे.

माझी पहिली आणि सर्वांत मोठी तक्रार हीच आहे. जुन्या चित्रणाचे भांडवल एकच: त्या दिवशी, त्या जागी, कॅमेरा होता. ते सुबक नसते, डळमळते असते, पुष्कळदा कंटाळवाणेही असते. पण तो कॅमेरा तिथे नव्हताच असे ठरले की उरते ते फक्त धुरकट चित्र, आणि धुरकट चित्र तर कुणीही बनवू शकतो. पूर तो पूर नसतो. खडकवासल्याचा बांधही त्याच दिवशी फुटला, म्हणून पुण्याचे पाणी विशिष्ट रीतीने चढले आणि विशिष्ट पेठांत शिरले. गुजरातेतल्या मोरबीचे लोक ११ ऑगस्ट १९७९ रोजी मच्छू नदीवरचे धरण फुटून बुडाले. त्यांचे मरण वेगळे, त्यांचा हिशेब वेगळा. तुम्ही दाखवलेली माणसे मोरबीची असोत वा आणखी कुठली, त्यांचे हाल पुण्याच्या नावावर चढवताना एकाच कटात दोन गावांचा इतिहास खोटा झाला.

हे पुराच्याच बाबतीत होते असे नाही. दादासाहेब फाळके यांच्यावरचा कोणताही कार्यक्रम घ्या. ३ मे १९१३ रोजी कॉरोनेशन थिएटरात लागलेल्या ‘राजा हरिश्चंद्र’चा उल्लेख होतो आणि लगेच जी दृश्ये येतात, ती त्या १९१३ च्या प्रतीतली नसून फाळक्यांनीच १९१७ मध्ये पुन्हा केलेल्या आवृत्तीची आहेत, असे अनेक अभ्यासकांचे मत आहे. त्याचा उल्लेख करायला निवेदनात एक वाक्य पुरे. त्याहून वाईट म्हणजे, चित्रपट कसा तयार होतो हे दाखवण्यासाठी फाळक्यांनी पुढे केलेल्या एका लघुपटाचे तुकडे सर्रास ‘राजा हरिश्चंद्रच्या चित्रीकरणाची दुर्मीळ दृश्ये’ म्हणून दाखवले जातात. फाळके तिथे स्वतः, जाणूनबुजून, कॅमेऱ्यासमोर आपले काम करून दाखवत आहेत. आपल्या कलेची शिकवणी घेणारा दिग्दर्शक ही केवढी मोठी गोष्ट, आणि ती आपण खोट्या लेबलाखाली दडपतो. तिसरा प्रकार कथापटातल्या दृश्यांचा. स्वातंत्र्यलढ्यावरच्या कथापटात लाठीमाराचा प्रसंग नटांना घेऊन उभा केलेला असतो. तो कृष्णधवल करून खऱ्या चित्रणाच्या मध्ये पेरला की पाहणाऱ्याला दोन्ही सारखेच खरे वाटतात. पुढच्या वेळी खरे चित्रण समोर आले की हुशार प्रेक्षक तेही नाटकच समजतो, आणि त्याचा दोष नसतो.

दुसरी तक्रार चौकटीची. जुन्या चौकटीची रुंदी आणि उंची यांचे प्रमाण साधारण चारास तीन. आजच्या पडद्याचे सोळास नऊ. जुने चित्र नव्या पडद्यावर काठोकाठ भरायचे तर वरचा आणि खालचा मिळून चौथा हिस्सा कापून टाकावा लागतो. डाव्या-उजव्या बाजूला काळ्या पट्ट्या दिसल्या तर प्रेक्षक वाहिनी बदलेल, ही भीती मी असंख्य बैठकांत ऐकली आहे आणि तिला पुरावा म्हणून कुणी काही दाखवल्याचे मला आठवत नाही. माझ्याकडच्या त्या भिंतीच्या चित्राची चौकट कापून पाहा: रेघ उरते, मुलगा जातो. मुलगा गेला की रेघ किती उंच होती हे कळत नाही, आणि ज्यासाठी त्या माणसाने कॅमेरा उचलला होता तेच नाहीसे होते.

तिसरी तक्रार गतीची आणि रंगरंगोटीची. मूकपटांच्या काळात कॅमेरा हाताने फिरवत, सेकंदाला साधारण सोळा ते अठरा फ्रेमच्या वेगाने; बोलपटांबरोबर चोवीस फ्रेमचा वेग ठरला. सोळाचे चित्र चोवीसने चालवले की माणसे दुडुदुडु पळतात, आणि मग पुढाऱ्यांच्या मिरवणुका सर्कशीसारख्या दिसतात. संगणकावर हे दुरुस्त करायला दहा मिनिटे लागतात. ती दहा मिनिटे कुणी देत नाही, पण तेच चित्र एखाद्या सॉफ्टवेअरला खाऊ घालून साठ फ्रेमचे, गुळगुळीत, रंगीत करायला सगळे तयार असतात. ते सॉफ्टवेअर मधल्या फ्रेम स्वतः कल्पून भरते, पुसट चेहऱ्याला डोळे आणि दात देते. त्या फ्रेम कुठल्याही कॅमेऱ्याने टिपलेल्या नसतात. मी रंग देण्याच्या सरसकट विरुद्ध नाही. ब्रिटनमधल्या इंपीरियल वॉर म्युझियमच्या संग्रहातले पहिल्या महायुद्धाचे चित्रण २०१८ मध्ये पूर्ण लांबीच्या माहितीपटासाठी रंगीत केले गेले. तिथे सुरुवातीला मूळ कृष्णधवल, लहान चौकट दाखवली गेली, आणि काय केले, कसे केले हे जाहीरपणे सांगितले गेले. आपल्याकडे सांगण्याचीच अडचण आहे.

आवाजाबद्दल थोडक्यात. जुन्या वार्तापटांचे बरेचसे चित्रण मुके असे आणि गर्दीचा कोलाहल नंतर साठ्यातून चढवला जाई, त्यामुळे तुम्हीही चढवलात तर मी तक्रार करणार नाही. फक्त पुढाऱ्याच्या ओठांवर दुसऱ्या भाषणाची वाक्ये बसवू नका.

चौथी तक्रार सांगायला जरा वेळ लागेल, कारण तिचा संबंध थेट रिळे जगण्या-मरण्याशी आहे. तुम्ही मूळ कधी शोधतच नाही. कुणीतरी टीव्हीवरून टिपलेले, त्यावरून कुणीतरी छापलेले, वर तीन जणांचे लोगो पुसलेले असे नकलेच्या नकलेचे चित्र उतरवून घेता. त्यात पैसे वाचतात, हे उघड आहे. त्यात नेमके काय बुडते, ते फारसे कुणाच्या लक्षात येत नाही. एखादा निर्माता संग्रहालयाकडे जाऊन ‘मला या रिळाचे नवे स्कॅन हवे’ म्हणतो तेव्हा तो डबा फडताळातून खाली येतो. कुणीतरी तो उघडतो, वास घेतो, आक्रसला आहे का ते मोजतो, तुटलेले सांधे जोडतो, पुसतो, यादीतली चुकीची नोंद सुधारतो. ज्या डब्याला वर्षानुवर्षे मागणी नाही तो डबा यादीत खाली खाली जातो, आणि दुरुस्तीचा पैसा नेहमी यादीच्या वरच्या टोकाला खर्च होतो. वापर हा जतनाचाच भाग आहे, हे या धंद्यातले प्रत्येक जुने माणूस जाणते.

आपण काय गमावले आहे याची आठवण करून द्यायची गरज पडू नये, पण पडते. देशातली अगदी सुरुवातीची प्रत्यक्ष घटनांची चित्रणे एका मराठी माणसाने, हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर म्हणजे सावेदादांनी केली: १८९९ मध्ये मुंबईच्या हँगिंग गार्डनमधली कुस्ती, आणि १९०१ मध्ये केंब्रिजहून रँग्लर होऊन परतलेल्या र. पु. परांजप्यांचे स्वागत. गणितात पहिला आला म्हणून ज्याचे स्वागत चित्रित करावे असे कुणाला वाटले, असा तो काळ. त्या चित्रणातले आज आपल्याला काहीही पाहता येत नाही. भारतात तेराशेहून अधिक मूकपट झाले, आणि त्यांतले तीसएक, तेही पुष्कळसे तुकड्यांच्या रूपात, उरले आहेत. बाबूराव पेंटरांचा १९२५ चा मूक ‘सावकारी पाश’ आपण वर्णनांतून ओळखतो. ‘आलम आरा’ची प्रत नाही. जुन्या फिल्ममधली चांदी काढून घेण्यासाठी रिळे विकली गेली, फिल्मच्या पट्ट्यांच्या बांगड्या झाल्या. ८ जानेवारी २००३ रोजी पुण्यात, प्रभात फिल्म कंपनीच्या जुन्या आवारात, नायट्रेट रिळांच्या कोठारांना आग लागली. आणि नायट्रेटची फिल्म जळताना लागणारा ऑक्सिजन स्वतःच पुरवते, त्यामुळे ती एकदा पेटली की विझवणे जवळपास अशक्य असते.

जे वाचले ते कुणीतरी चिकाटीने शोधले म्हणून वाचले. फेब्रुवारी १९६४ मध्ये पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले, आणि पी. के. नायर यांनी तिथे गोदामे, अडगळी आणि नातेवाईकांची घरे पालथी घालून रिळे गोळा केली. फाळक्यांच्या ‘कालिया मर्दन’चे सुटे तुकडे त्यांनी फाळक्यांच्या हस्तलिखित टिपणांच्या आधाराने क्रमाने लावले. म्हणजे रीळ सापडणे हे अर्धे काम. ते कशाचे आहे हे ठरवणे हे उरलेले अर्धे. तुम्ही खोटे लेबल लावून जे चित्रण प्रसारित करता, ते या दुसऱ्या अर्ध्या कामावर बोळा फिरवते. उद्याचा संशोधक तुमच्याच माहितीपटाचा आधार घेऊन ते गुजराती दुकान पुण्याचे म्हणून नोंदवणार आहे.

फुटेजवरून चित्रपट करण्याची आपल्याकडची परंपरा इतकी गबाळी नव्हती, हेही सांगितले पाहिजे. ए. के. चेट्टियार या तमिळ गृहस्थांनी गांधीजींवरच्या माहितीपटासाठी देशोदेशी फिरून, ज्यांच्याकडे जे चित्रण असेल ते मिळवले, आणि १९४० मध्ये चित्रपट दाखवला. विठ्ठलभाई झवेरींचा गांधीजींवरचा १९६८ चा माहितीपट पाच तासांहून मोठा आहे आणि तो जवळजवळ सगळाच खऱ्या चित्रणावर, छायाचित्रांवर उभा आहे. या लोकांकडे संगणक नव्हता, शोधायला यंत्र नव्हते. पत्रे लिहायची आणि वाट पाहायची. चेट्टियारांच्या गोष्टीचा उत्तरार्ध जास्त बोचरा आहे: तो मूळ चित्रपट पुढे दिसेनासा झाला, आणि त्यांनीच नंतर अमेरिकेत तयार केलेली लहान इंग्रजी आवृत्ती तेवढी बऱ्याच वर्षांनी तिकडे सापडली. दुसऱ्यांची रिळे वाचवणाऱ्याचे स्वतःचे रीळ राहिले नाही.

त्यावरून पाचवी तक्रार. तुम्ही आज जे चित्रित करता ते उद्याचे संग्रहातले फुटेज आहे, आणि ते तुम्ही फेकून देत आहात. साधारण वीस वर्षांपूर्वी मी काम केलेल्या एका माहितीपटासाठी आम्ही गिरणीतल्या एका जुन्या साच्यावाल्याची, म्हणजे माग चालवणाऱ्याची, मुलाखत घेतली होती. तीन तास तो बोलला. साचा कसा चालवायचा, धागा तुटल्यावर तो कसा जोडायचा, हे त्याने हवेत हात फिरवून दाखवले. माहितीपटात त्याची चार मिनिटे आली. उरलेल्या मिनी डीव्ही कॅसेट निर्मात्यांच्या कार्यालयात होत्या. कार्यालय बदलताना त्या भंगारात गेल्या. मी विचारले तेव्हा कुणाला नीटसे आठवतही नव्हते. त्या दिवशी एक प्रत मागून घ्यायला हवी होती, ती मी घेतली नाही, ही वर म्हटलेल्या माझ्या चुकांपैकी एक. आता कॅसेट जाऊन हार्डडिस्क आल्या आहेत. त्या कपाटात ठेवल्या म्हणजे टिकल्या असे सगळे धरून चालतात, पण पाचसात वर्षे न चालवलेली डिस्क पुन्हा सुरू होईलच याची खात्री कुणी देत नाही. प्रकाशकाला आपल्या पुस्तकाच्या प्रती १९५४ च्या कायद्यानुसार ठरलेल्या ग्रंथालयांना पाठवाव्या लागतात. माहितीपटासाठी टिपलेल्या, पण न वापरलेल्या साहित्याला असे कोणतेही घर नाही.

तुमची बाजू मला ठाऊक आहे, कारण मी तुमच्याच टेबलावर बसून ती ऐकली आहे. फुटेजचे दर मराठी माहितीपटाच्या खिशाला परवडत नाहीत, ही तक्रार मला बऱ्याच अंशी मान्य आहे. सार्वजनिक पैशाने झालेले चित्रण त्याच जनतेविषयीचा कार्यक्रम करणाऱ्या लहान निर्मात्याला सवलतीत मिळाले पाहिजे, आणि त्यासाठी वेगळे भांडण भांडायची माझी तयारी आहे. १९४८ मध्ये सुरू झालेल्या फिल्म्स डिव्हिजनने चित्रपटगृहांत मुख्य चित्रपटाआधी दाखवलेले वार्तापट आमच्या पिढीने ‘फिल्म्स डिव्हिजन की भेंट’ या शब्दांसकट ऐकले. ती संस्था आणि पुण्याचे संग्रहालय दोन्ही २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली, तेव्हा निदान दार ठोठवायचे ठिकाण तरी एक झाले आहे. शिवाय कायदा तुमच्या बाजूने आहे. आपल्याकडे चित्रपटाचा हक्क प्रकाशनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षे चालतो, म्हणजे १९६१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या वार्तापटाचा हक्क २०२१ च्या अखेरीस संपला. हक्क संपला म्हणून रीळ आपोआप हातात येत नाही, पण खर्चाचा मोठा भाग कमी होतो. आणि हे माहीत असलेला निर्माता मला अजून फारसा भेटलेला नाही. वेळ नसतो म्हणाल, तर ड्रोनने शनिवारवाड्याभोवती तीन घिरट्या घालायला अर्धा दिवस मिळतो, तोच अर्धा दिवस एका पाटीची लिपी तपासायला पुष्कळ झाला.

तपासणे फार अवघडही नाही. रिळाच्या कडेला कोडॅकची वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशी चिन्हे असतात, त्यांवरून ती फिल्म कोणत्या वर्षी तयार झाली ते काढता येते. तीच चिन्हे वीस वर्षांनी पुन्हा येतात, म्हणून मग मोटारी, विजेचे खांब, टोप्या आणि साड्या पाहायच्या. सावली कुठे पडली आहे ते पाहायचे. डोप शीट, म्हणजे कॅमेरामनने त्या दिवशी हाताने लिहिलेला कागद, उपलब्ध असेल तर तो आधी वाचायचा. आणि सगळ्यात सोपे म्हणजे त्या पेठेत राहिलेल्या एखाद्या म्हाताऱ्या बाईला दाखवायचे.

माझ्या मागण्या अशा आहेत. ज्या माहितीपटात पानशेत म्हणून दुसरा पूर दाखवला आहे, तो भाग पुढच्या प्रसारणाआधी बदलावा किंवा त्यावर हे चित्रण पुण्याचे नाही असे स्पष्ट लिहावे; त्यासाठी माफीनामा नको, दुरुस्ती हवी. यापुढे ज्या चित्रणाचे स्थळ आणि साल ठाऊक आहे तिथे ते पडद्यावर लिहावे, आणि जे त्या घटनेचे नाही त्यावर ‘प्रातिनिधिक दृश्य’ हे शब्द वाचता येतील अशा आकारात, वाचता येईल इतका वेळ ठेवावेत. शेवटच्या श्रेयनामावलीत प्रत्येक जुन्या चित्रणाचा मूळ धारक कोण ते सांगावे. ‘सौजन्य: इंटरनेट’ हे श्रेय नव्हे. चौकट कापू नये. रंग दिला, फ्रेम वाढवल्या, चेहरे ‘सुधारले’, तर तसे लिहावे. अंदाजपत्रकात फुटेज संशोधनाची वेगळी ओळ असावी, आणि एखाद्या घरातून किंवा संग्रहातून रीळ घेऊन नवे स्कॅन केले, तर त्याची पूर्ण दर्जाची एक प्रत ज्याचे रीळ आहे त्याला परत द्यावी. वाहिन्यांनी निर्मात्याशी करार करतानाच जुन्या चित्रणाची यादी मूळ स्रोतासह मागावी, आणि ती आल्याशिवाय शेवटचा हप्ता देऊ नये. आणि प्रत्येक मोठ्या माहितीपटाचे न वापरलेले चित्रण, निदान मुलाखती तरी, कोण, कुठे, कधी बोलले याच्या साध्या यादीसह वर्षभरात एखाद्या संग्रहालयाला, विद्यापीठाला किंवा गावच्या ग्रंथालयाला द्यावे. यांतल्या एकाही मागणीसाठी नवा कायदा लागत नाही.

‘पूर’ लिहिलेल्या त्या रिळाची चार मिनिटे, मूळ चौकटीसह आणि मूळ वेगाने, माझ्याकडे ठेवलेली आहेत, आणि त्या घरच्यांनी ती पानशेतवर काम करणाऱ्या कुणालाही विनामूल्य द्यायला संमती दिली आहे. ज्या निर्मात्यांचा मला फोन आला होता, त्यांनाही ती दुरुस्तीसाठी मिळतील. अट एकच आहे: भिंतीवरच्या रेघेचे चित्र वापरायचे असेल तर खाली उभा असलेला मुलगा कापायचा नाही.

आपली,
एक फुटेज संशोधक, पुणे